उसनं दिलेलं नाव

दवाखान्यात डॉक्टरला आडनाव असतं, नर्सला सगळे सिस्टर म्हणतात, आणि फरशी पुसणाऱ्या बाईला मावशी. पंचविशीतला शिकाऊ डॉक्टर तिला मावशी म्हणतो, त्याचे साठीला टेकलेले मोठे साहेबही मावशीच म्हणतात, आणि हे नातं नेमकं कुठून लागलं ते दोघांनाही सांगता यायचं नाही. आपली ही मावशी एकतीस वर्षं एका दवाखान्याच्या तिसऱ्या मजल्यावर होती. दिवस भरायच्या आत जन्मलेली, कमी वजनाची बाळं ठेवतात, तो विभाग. तिच्या छातीवरच्या बिल्ल्यावरही नाव नव्हतं, नुसतं 'स्वच्छता' लिहिलेलं. एकदा नव्याने आलेल्या एका डॉक्टरने ते वाचून तिला भर वॉर्डात 'स्वच्छताताई' अशी हाक मारली. तो विनोद मजल्याला वर्षभर पुरला.

बाळाला काचेत ठेवलंय, असं लोक म्हणतात. त्या काचेच्या पेट्या पुसणं हे मावशीचं काम. एकूण बारा पेट्या. प्रत्येक पेटीला वेगळं फडकं, मऊ, सुती, कोमट पाण्यात पिळलेलं. आधी वरचं झाकण, मग चारी बाजू, सगळ्यात शेवटी हात घालायच्या गोल खिडक्या. फडकं वरून खाली न्यायचं, पुन्हा उलट फिरवायचं नाही. झाकणावर बाटली ठेवायची नाही, साधं बोटही आपटायचं नाही, कारण बाहेर जे टक् वाजतं ते आत ढोलासारखं घुमतं. बाळाला हात लावायचा तर प्रश्नच नव्हता, ते काम नर्सचं. हे सगळं मावशीने नव्या मुलींना इतक्यांदा शिकवलं होतं की तिच्या मागे त्या तिची नक्कल करायच्या, आणि तिला ते ठाऊक होतं.

पेटीच्या पायाशी एक कार्ड अडकवलेलं असे. त्यावर आईचं नाव, पुढे 'ची मुलगी' किंवा 'चा मुलगा', मग वजन, मग तारीख. बाळाचं स्वतःचं नाव बहुतेक वेळा नसेच. हातभर लांबीचंही नाही असं ते पोर, जगतंय की नाही याचा भरवसा नाही, अशात नाव ठेवायला आईबाप धजत नाहीत. नाव ठेवलं की जीव जास्त गुंततो. वजन थोडं वाढू दे, नळी निघू दे, मग बघू, असं करत आठवडे जातात.

आता मावशीच्या नावाकडे येतो, कारण सगळं त्यावरच आलं. तिचं नाव आयेशा.

तिचा बाप बंदरावरच्या गोदामात गोणी शिवायचा. हिच्या आधी त्याची तीन मुलं गेली होती. पहिलं नऊ दिवसांचं होऊन, दुसरं सव्वा महिन्याचं, आणि तिसऱ्याने तर जन्माचा दिवसही पुरा केला नाही. चौथ्या वेळी मुलगी झाल्याचा निरोप गोदामात आला तेव्हा बाप घरी जाईना. गोणीवर बसून राहिला. तिथे एका परदेशी जहाजाचा स्वयंपाकी माल मोजून घ्यायला आला होता. मोडक्यातोडक्या भाषेत त्याने विचारलं, काय झालं. बापाने बोटांनी तीन दाखवली आणि जमिनीकडे हात केला, मग एक दाखवलं आणि घराकडे हात केला. स्वयंपाक्याला कळलं. तो म्हणाला, आयेशा ठेव. आमच्याकडे दर चार घरांत एक आयेशा असते. आयेशा म्हणजे जगणारी. त्याने हेही सांगितलं की त्यांच्या देशात रोजच्या रोटीला लोक जगण्याच्याच शब्दाने ओळखतात, ऐश म्हणतात, कारण जगणं आणि रोटी तिथल्या माणसाला वेगळी वाटत नाहीत.

बाप घरी गेला आणि नाव सांगून मोकळा झाला. मावशीच्या आत्याने नाक मुरडलं. आपल्यात असलं नाव कुणी ठेवतं का, असं तिचं म्हणणं. त्यावर बाप म्हणाला, "आपल्यातल्या नावांनी तीन पोरं राखली नाहीत. आता परक्याचं बघू."

मुलगी जगली. बापाचा तेवढ्यावर विश्वास बसला नसावा, कारण त्याने एक रीत पाडली. रोज सकाळी कामाला निघताना तो उंबऱ्यात उभा राहायचा आणि घराकडे तोंड करून हाक मारायचा, "आयेशा." ओ आल्याशिवाय त्याचं पाऊल बाहेर पडायचं नाही. ती तान्ही होती, बोलता येत नव्हतं, तोवर तिच्या वतीने आई ओ द्यायची. पुढे ती स्वतः देऊ लागली, झोपेतून, न्हाणीतून, तोंडात घास असताना. वयात आल्यावर तिला याची लाज वाटायची, मैत्रिणी हसायच्या. तरी तिने एकही दिवस चुकवला नाही. लग्न होऊन ती दुसऱ्या घरी गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी बाप कामाला निघताना हाक मारून बसला, आणि आतून आईने ओ दिली, असं आईनेच तिला नंतर सांगितलं.

नवरा बसच्या डेपोत मेकॅनिक. स्वभावाने बरा, जिभेने तिखट. ऐश करणे हा आपला शब्दही त्याच मुळाचा, हे तिने त्याला लग्नानंतर मोठ्या कौतुकाने सांगितलं. तेव्हापासून ती दवाखान्यातून दमून आली की तो म्हणायचा, "नावात ऐश आणि हातात फडकं." ती म्हणायची, "तुमच्या नावात काय आहे ते सांगू का सगळ्यांना?" आणि तो हात धुवायला उठायचा.

दवाखान्यातलं तिचं दुसरंच वर्ष असेल. एका पेटीत एक मुलगा आठ दिवस बिननावाचा पडून होता. आईबाप यायचे, काचेबाहेर उभे राहायचे, एकमेकांकडे बघायचे आणि जायचे. मावशीला ते बघवेना. या पोराला साधी हाक मारायची तर कुणी मारायची, आणि काय म्हणून? त्या सकाळी फडकं फिरवता फिरवता तिच्या तोंडून आपसूक गेलं, "आयेशा, ऊठ गं." मग ती थांबली, बापासारखीच. पोराने पाय हलवला. योगायोग असणार, त्या वयाची बाळं पाय हलवतातच. पण मावशीने ती ओ धरली आणि पुढच्या पेटीकडे गेली.

मागे मुख्य सिस्टर उभी होती. ती म्हणाली, "मावशी, तो मुलगा आहे."

"असू दे, सिस्टर. त्याला काय कळतंय? त्याचं नाव आलं की माझं परत घेते."

शेजारणीला चाळण उसनी द्यावी तसं हे देणं. ज्या कार्डावर नाव नाही त्या बाळाला मावशी आपलं नाव द्यायची. आईबापांनी नाव आणलं आणि कार्डावर चढलं की आपलं परत घ्यायची, त्या दिवसापासून बाळाला त्याच्याच नावाने हाक. सकाळी पेट्या पुसताना एकदा आणि दुपारी घरी जाताना एकदा. मास्कमधून, हळू, काचेतून जाईल तेवढंच. हे फक्त सिस्टरला माहीत होतं आणि तिने कधी हटकलं नाही. यातली काही बाळं गेलीही, ते टळत नाही. पण तेव्हा कार्डावर जे असे तेच कागदावर जाई, अमकीची मुलगी, तमकीचा मुलगा. मावशीने नाव तोंडी दिलेलं असे आणि ते तोंडीच तिच्याकडे परत येई.

मग दवाखान्याच्या ऑफिसात नवे फॉर्म आले. त्यात मृताच्या नावाची जागा रिकामी ठेवली तर फॉर्म पुढे सरकत नसे. या गोष्टीशी मावशीचा काही संबंध येईल असं तेव्हा कुणाला वाटलं असतं?

त्याच सुमाराला चौथ्या पेटीत एक मुलगी आली. नऊशे वीस ग्रॅम. तिच्या आईची तब्येत बाळंतपणातच हाताबाहेर गेली आणि तिला शहराच्या दुसऱ्या टोकाच्या मोठ्या दवाखान्यात हलवलं. तिथे ती कितीतरी दिवस शुद्धीवर नव्हती, आणि शुद्धीवर आल्यावरही उठायची परवानगी नव्हती. तिने मुलीला पाहिलंच नव्हतं. बाप खिडक्यांना काचा बसवायचा. दोन दवाखान्यांमध्ये हेलपाटे घालून त्याचे डोळे आत गेले होते. तो पेटीसमोर उभा राहायचा, काचेला हात न लावता तिची जाडी डोळ्यांनी मोजायचा आणि रडायचा. सिस्टरने त्याला विचारलं होतं, नाव ठेवता का? तो म्हणाला, "नाव तीच ठेवणार. मी ठेवलं तर उठल्यावर माझं काही खरं नाही." एवढं बोलून तो कसनुसा हसला होता.

तेव्हा मावशीने नाव दिलं. एकोणीस दिवस दिलं. एकोणिसाव्या दिवशी भर दुपारी मुलगी गेली.

सिस्टर फॉर्म भरायला बसली. तिने नाव विचारलं, बापाला ऐकू गेलं नाही. तिने पुन्हा विचारलं. तो म्हणाला, "काहीही लिहा." काहीही म्हणजे काय लिहायचं? त्या पोरीच्या डोक्याशी एकोणीस दिवस एकच नाव घेतलं गेलं होतं, ते सिस्टरच्या कानांत होतं. तिने ते लिहिलं. तिच्या मनात वाईट काही नव्हतं, हे मी मावशीच्या वतीनेही सांगतो.

चादरी ठेवायच्या खोलीत सिस्टरने मावशीला गाठलं. "मावशी, मी तुमचं नाव लिहिलं. मला दुसरं सुचेना हो. तिला त्याच नावाने कुणीतरी बोलावलेलं होतं."

मावशी म्हणाली, "दाखवा."

तिने वाचलं. आयेशा. वय, एकोणीस दिवस. त्याखाली वेळ आणि कारण. स्वतःचं नाव असं छापील फॉर्मवर तिने आयुष्यात दोनतीनदाच पाहिलं असेल. कागद परत देऊन ती चादरींच्या घड्या मोजायला लागली आणि मोजणी तीनदा चुकली.

त्या दिवसापासून तिने नाव देणं बंद केलं. पेट्या पुसायची, वरून खाली, तशाच नेटाने, पण तोंड मिटून. तीन पोरं गमावून बापाने मिळवलेलं नाव तिने दुसऱ्याच्या मुलीवर घातलं, आणि ते त्या मुलीला पुरलं नाही, असं तिला वाटत होतं. आणि त्याहून वाईट हे वाटत होतं की मुलीचं नाव ठेवायचा तिच्या आईचा हक्क तिने घेतला. आई बेशुद्ध पडली असताना घेतला. घरी तिने अवाक्षर काढलं नाही. गप्प का असतेस विचारलं तर गुडघा दुखतोय म्हणायची. नवऱ्याने गुडघ्याला लावायचं तेल आणून दिलं, तेही तिने मुकाट्याने लावलं.

अडीच महिन्यांनी मुलीची आई आली. बारीक, उंच बाई, जिने चढून धाप लागलेली. तिच्या हातात मुलीच्या मृत्यूचा दाखला होता. हे नाव कुणी ठेवलं, एवढंच तिला विचारायचं होतं. सिस्टरने एकवार मावशीकडे पाहिलं आणि सांगितलं, "ऑफिसात लिहिलं असेल, बाई. नाव लागतंच फॉर्मला." बाई मान हलवून गेली. मावशीला हायसं वाटलं, आणि आपल्याला हायसं वाटलं याची तिला इतकी चीड आली की त्या दिवशी जेवण गेलं नाही.

वर्ष झालं. सिस्टर निवृत्त होऊन लेकीकडे राहायला गेली. मुलगी गेली त्याच तारखेला ती बाई पुन्हा आली. आता टेबलावर नवी सिस्टर होती. मावशी चार हातांच्या अंतरावर फरशी पुसत होती.

"मला एक चौकशी करायचीय," बाई म्हणाली. "या नावाचा अर्थ मी शोधून काढलाय. हे ज्या भाषेतलं आहे ती शिकवणाऱ्या एक बाई आहेत, त्यांना जाऊन विचारलं. त्या म्हणाल्या, त्या भाषेत तीन अक्षरांचं एक मूळ असतं आणि त्यातून शब्द निघत जातात. या मुळातून जगणं निघतं, पोट भरायचं साधन निघतं, आणि हे नाव निघतं. आयेशा म्हणजे जगणारी." तिने दाखला टेबलावर ठेवला. "एकोणीस दिवसांत गेलेल्या पोरीला जगणारी म्हणायचं. मला भांडायचं नाहीये. ही थट्टा कुणी केली, एवढंच सांगा."

नव्या सिस्टरला यातलं काहीच ठाऊक नव्हतं. ती गोंधळली. रेकॉर्ड बघावं लागेल, तुम्ही अर्ज देऊन ठेवा, असं ती म्हणाली. बाई बाकावर बसून अर्ज लिहू लागली. मावशी पुसत पुसत बाकापाशी आली. बाईने न बघता पाय वर उचलले आणि म्हणाली, "पुसा, मावशी."

मावशीने पुसलं. बोलायची हीच वेळ होती. एक वाक्य, फार तर दोन. ती बादली उचलून निघून गेली. परत आली तेव्हा बाक रिकामा होता. टेबलावर अर्ज होता आणि त्यावर पत्ता होता. कपडे दुरुस्तीचं एक दुकान, बाजारामागच्या गल्लीतलं. तो पत्ता तिला पाठ झाला, पाठ करायचा नसतानाही.

घरी गेल्यावर ती चहा ठेवायच्या आधीच नवऱ्यापुढे बसली आणि पहिल्यापासून सगळं सांगितलं. तो एक सायकलचा पंप उघडून बसला होता. ऐकता ऐकता त्याचे हात थांबले.

"म्हणजे तेल मी उगाच आणलं," तो म्हणाला.

"चेष्टा करू नका."

"नाही करत." त्याने हात पुसले. "तू तिला नाव दिलंस त्यात काय चुकलं ते मला कळत नाही. पण ती बाई वर्षभर काय घेऊन फिरतेय, बघ ना. तिला वाटतंय, तिच्या पोरीची कुणी थट्टा केली. तू गप्प राहिलीस तर तिच्यापुरती ती थट्टाच राहणार."

"ती मला काय म्हणेल?"

"वाट्टेल ते म्हणेल. ऐकून घे."

"आणि नावाचा अर्थ खरा निघाला नाही, त्याचं काय? बापाने माझ्यासाठी आणलेलं ते."

नवऱ्याने पंपाचा वॉशर बोटांत फिरवून पाहिला. मग म्हणाला, "ते मला सांगता येणार नाही. मी पंप दुरुस्त करतो." आणि खरंच पंप घेऊन बसला. पण उठताना तिच्या डोक्यावर हात ठेवून गेला. असं तो सहसा करत नसे.

सुट्टीच्या दिवशी सकाळी अकराच्या सुमाराला मावशी त्या गल्लीत गेली. दुकान कसलं, दोन दुकानांमधली फट. आत एक शिलाई मशीन, एक इस्त्रीचं टेबल, भिंतीला खिळ्यांवर टांगलेले रंगीत दोऱ्यांचे गोळे, आणि एका काचेच्या बरणीत निरनिराळ्या शर्टांवरून उतरलेली बटणं. बाई एका पँटची चेन उसवत होती. टाके एकेक करून कापत होती आणि दोऱ्याचे तुकडे एका बशीत जमा करत होती. मावशी उंबऱ्यापाशी थांबली.

"या ना. काय आणलंय?" बाईने विचारलं.

"काही आणलं नाही. सांगायला आलेय. मी दवाखान्यात असते. तिसऱ्या मजल्यावर."

बाईने पँट मांडीवर ठेवली. मावशीने बसायच्या आधीच सांगून टाकलं, कारण बसली असती तर सांगणं झालं नसतं.

"तुमच्या मुलीचं ते नाव माझं आहे. थट्टा कुणी केली नाही. मी पेट्या पुसते. ज्या बाळाला नाव नसतं त्याला मी माझ्या नावाने हाक मारायचे, त्याचं येईपर्यंत. सिस्टरने ऐकलेलं होतं, तिने ते कागदावर लिहिलं. परवा तुम्ही पाय वर घेतलेत, ती मीच. तेव्हाच सांगायला पाहिजे होतं. मागच्या वर्षीही सांगायला पाहिजे होतं."

बाईने बशीतले दोऱ्याचे तुकडे बोटाने एका कडेला सारले. मग अगदी हळू म्हणाली, "तुमचं नाव. माझ्या मुलीला. तुम्ही कोण लागता तिच्या?"

"कुणी नाही."

"मी तिच्यासाठी नाव काढून ठेवलं होतं. पाचव्या महिन्यापासून. मी ते कुणाला सांगितलंसुद्धा नाही अजून." तिने मांडीवरची पँट उगाच सरळ केली. "आणि माझ्याआधी तुम्ही."

"हो," मावशी म्हणाली. दुसरं काय म्हणणार? "तुम्ही म्हणाल तसं मी दवाखान्यात लिहून देते, चूक माझी म्हणून. कागद बदलून मिळेल. तुमचं नाव लावा."

बाईने कात्री उचलली, पुन्हा खाली ठेवली. बाहेरून एक गिऱ्हाईक डोकावलं, तिने हातानेच त्याला नंतर या म्हणून सांगितलं. मावशी उभीच होती. आता आपण जावं की थांबावं, हे तिला कळत नव्हतं. तेवढ्यात बाईने विचारलं, "हाक मारायचात म्हणजे काय करायचात?"

"पेटी पुसताना नाव घ्यायचे. हळूच. काचेतून जाईल तेवढं."

"रोज?"

"सकाळी एकदा आणि दुपारी निघताना एकदा. रविवारी मला सुट्टी असते. तिचे दोन रविवार चुकले." हे सांगताना मावशीला रडू आलं. एवढं सगळं बोलून झालं तेव्हा आलं नव्हतं, आणि या दोन रविवारांना आलं.

"मग?"

"मग थांबायचे. माझा बाप मला अशीच हाक मारायचा रोज सकाळी, आणि ओ येईपर्यंत थांबायचा. बाळं कुठली ओ देतात? पण पाय हलला की मी ती ओ धरायचे."

"तिचा हलायचा?"

"डावा. उजव्या पायाला नळी होती."

"शेवटच्या दिवशी?"

"सकाळी हलला होता. चांगला हलला होता."

बाईने तोंडावर हात धरला. हात काढून ती म्हणाली, "तिचे बाबा म्हणाले, मी नुसता उभा राहायचो, माझ्या तोंडून शब्द फुटायचा नाही. मी तर तिथे नव्हतेच. मला वर्षभर एकच वाटत होतं, ती आली आणि गेली आणि तिच्याशी कुणी एक शब्द बोललं नाही. रात्रंदिवस तेच वाटायचं." ती थांबली. "कुणीतरी बोलत होतं."

"हो."

बाई उठली. दुसरं स्टूल इस्त्रीच्या टेबलाखाली होतं, ते काढून तिने मावशीला बसायला दिलं आणि माठातलं पाणी दिलं. मावशी पाणी प्यायली. भांडं परत घेताना बाई म्हणाली, "कागद राहू दे तसाच. मी जे काढून ठेवलं होतं ते माझ्यापाशी राहील. तिने ते कधी ऐकलंच नाही. तिने ऐकलं ते हे."

मग ती आपल्या जागी बसली, पँट बाजूला सारली आणि दोन्ही हात मांडीवर ठेवले.

"कशी मारायचात, मारा बघू एकदा."

मावशीने वर्षभरात ते नाव तोंडाने घेतलं नव्हतं. घरी नवरा अगं म्हणायचा आणि दवाखान्यात ती मावशी. तिने ओठ ओले केले. समोर पेटी नव्हती, हातात फडकं नव्हतं, आणि त्यामुळे हात कुठे ठेवावे हे तिला कळेना. शेवटी तिने ते पदरात धरले, थोडी पुढे वाकली आणि जेवढ्या हळू आवाजात मारायची तेवढ्याच हळू आवाजात हाक मारली.

"आयेशा."

आणि सवयीने थांबली.

गल्लीतून एक हातगाडी गेली. तिची चाकं लांब जाईपर्यंत दोघी तशाच बसून होत्या. मग मुलीची आई म्हणाली, "ओ."